बोंबलाला कणा असतो का? पाचवीतल्या मुलांना पृष्ठवंशी-अपृष्ठवंशी कसं दाखवायचं?

केतकीची आई

नमस्कार मंडळी. लेक पाचवीत आहे. शाळेतून प्रकल्प आलाय: वहीच्या पानावर दोन रकाने करायचे, एकात पृष्ठवंशी प्राण्यांची चित्रं, दुसऱ्यात अपृष्ठवंशी. स्टेशनरीच्या दुकानात तयार तक्ता मिळतो. कापा, चिकटवा, काम फत्ते. मी म्हटलं, तक्ता राहू दे, तुला माहीत असलेले प्राणी तूच वाट.

तिने केलेली वाटणी अशी. गाय, कुत्रा, चिमणी, हत्ती एका रकान्यात. गांडूळ, झुरळ, साप आणि बोंबील दुसऱ्या. कासव आणि खेकडा यांच्यासाठी तिने स्वतःच तिसरा रकाना आखला आणि वर लिहिलं, "बाहेरून हाड असलेले".

कारणं विचारली तर ती पण तयार. साप एवढा वेटोळं घालतो, हाड असतं तर मोडलं नसतं का? बोंबील तर आपण अख्खा खातो, पापलेटसारखा काटा ताटाच्या कडेला काढून ठेवत नाही. मला यात खोडून काढण्यासारखं काही चटकन सापडेना. व्याख्या तिला पाठ आहे, "ज्यांच्या पाठीत कणा असतो ते". पण कणा म्हणजे काय, तो असला काय आणि नसला काय, फरक काय पडतो, हे पुस्तकाच्या त्या ओळीत कुठेच नाही.

शनिवारी सोसायटीतली आणखी चारपाच मुलं आमच्याकडे येणार आहेत. स्वयंपाकघरात, बाजारात, कुंडीत, म्हणजे हाताला लागेल असं काही दाखवता आलं तर सुचवा. व्हिडिओच्या लिंका कृपया नकोत, त्या ढीगभर आल्यात.

खाडीकाठ

ताई, आधी पोरीला शाबासकी द्या. जे ताटात दिसलं त्यावरून तिने ठरवलं.

आता बोंबलाचं. त्याला कणा आहे, अगदी डोक्यापासून शेपटीपर्यंत. पण हाड इतकं मऊ की तळल्यावर दाताखाली कळत नाही. अंगात पाणी फार, म्हणून तर आमच्याकडे बोंबील पाट्याखाली दाबून पाणी काढल्याशिवाय तव्यावर टाकत नाहीत. ताजा बोंबील आणा, पोटाकडून चिरून पुस्तकासारखा उघडा आणि मधली रेघ नखाने हळूच उचला. अख्खी निघून येते, मणके मोजता येतात. त्याहून सोपं, सुका बोंबील घ्या. तोंडात तोंड अडकवून जोडीजोडीने बांबूवर वाळत टाकतात ना, तो. वाळल्यावर मांस आक्रसतं आणि मधला दांडा वर दिसायला लागतो.

दुसरं, मोरी मिळाली तर नक्की आणा. मोरी म्हणजे लहान शार्क, कुठे मुशी म्हणतात. हिच्या अंगात हाड औषधालाही नाही, सगळा सांगाडा कूर्चेचा, आपल्या कानात पाळीच्या वरच्या भागात असते तीच. तरी मोरी पृष्ठवंशीच, कारण कूर्चेचे का होईना, मणके आहेत. कालवणातल्या तुकड्याच्या मधोमध जी गोल, दोन्ही बाजूंनी खोलगट चकती येते तो मणका. धुऊन वाळवून ठेवा. त्यावर बारीक वर्तुळं असतात आणि अभ्यासक ती मोजून शार्कच्या वयाचा अंदाज घेतात.

म्हणजे कडकपणावर जाऊ नका. बोंबील मऊ, मोरी बिनहाडाची, दोघांना कणा. आणि खेकडा एवढा कडक, त्याला नाही.

मास्तरीणबाई

मी बरीच वर्षं पाचवी ते सातवीला विज्ञान शिकवलं. माशांच्या आधी मुलांच्या स्वतःच्या पाठीपासून सुरू करा, त्याला खर्च नाही आणि वासही नाही.

मुलांना जोड्यांनी बसवा. एकाने मान पुढे वाकवायची, दुसऱ्याने मानेच्या मुळाशी बोट ठेवायचं. तिथे एक मोठं टेंगूळ लागतं. तो साधारणपणे मानेचा सातवा मणका. तिथून खाली एकेक टेंगूळ मोजत जायचं. कुणाचे बारा येतील, कुणाचे पंधरा, हशा पिकेल, पण कणा म्हणजे एक सळई नाही हे बोटाला कळतं. जन्मतः माणसाला ३३ मणके असतात. मोठेपणी खालचे एकमेकांना जुळून जातात आणि २६ हाडं उरतात. मानेत मात्र सात. जिराफाच्या मानेतही सातच. हे सांगितलं की पोरं विश्वासच ठेवत नाहीत. जिराफाचा एकेक मणका वीतभर लांब असतो, एवढाच फरक.

मग सापाकडे या. सापाच्या अंगात जातीनुसार दोनशे ते चारशे मणके असतात. प्रत्येक सांध्यात तो जरासाच वाकतो, पण सांधे शेकड्यांनी, म्हणून वेटोळं होतं. केतकीला सांगा, हाड नाही म्हणून साप वळत नाही, हाडं भरपूर आहेत म्हणून वळतो. याच्या उलट बेडूक. आपल्या नेहमीच्या बेडकाला नऊ मणके आणि मागे एक लांब दांडी. पाठ आखूड आणि ताठ, उडीचा दणका सोसायला तीच बरी.

आता "कणा असला तर फरक काय" याबद्दल. मटणवाल्याकडून मानेचा तुकडा आणा किंवा चिकनची मान. मणका स्वच्छ करून उजेडाकडे धरला की मधून आरपार भोक दिसतं. माळेतल्या मण्यांतून दोरा जावा तशी त्या भोकांतून मज्जारज्जू जाते, मेंदूकडून निघालेली. कणा शरीराला उभं धरतो हे सगळे सांगतात. पण तो या दोरीचा चिलखती बोगदा आहे हे मुलांना कुणी सांगत नाही, आणि मला तर तेच जास्त महत्त्वाचं वाटतं.

घरात कुणाचा जुना एक्सरे असेल तर खिडकीच्या काचेला लावा. पाठीचा नसला, छातीचा असला तरी मधोमध मणक्यांची रांग दिसते.

उगाच_शंका

मास्तरीणबाई, छान. पण तिसऱ्या रकान्याचं काय? कासव आणि खेकडा, दोघंही वरून कडक, आत मऊ. केतकीचा रकाना मला तरी पटला.

मास्तरीणबाई

पटण्यासारखाच आहे, पण कासवाला उलटं करून आतून पाहिलं तर मोडतो. कासवाची पाठ म्हणजे त्याच्या बरगड्या आणि मणके पसरट होऊन एकमेकांना जुळलेले. वरून नखाच्या द्रव्याची खवल्यांची पाटी. मेलेल्या कासवाची ढाल आतून पाहिली तर मधोमध कणा चिकटलेला सरळ दिसतो. कार्टूनमध्ये कासव कवच काढून ठेवतं आणि चड्डीवर पळतं, ते शक्य नाही. कवच काढायचं म्हणजे पाठच काढायची. आणि ते जिवंत हाड आहे, कासवाबरोबर वाढतं. वेळासच्या किनाऱ्यावर ऑलिव्ह रिडलेची पिल्लं अंड्यातून निघतात ती तळहातावर मावतील एवढी. त्यांच्या पाठीचं तेच कवच पुढे दोन फुटांपर्यंत जातं, मधे कधीच बदलावं लागत नाही.

खेकड्याचं तसं नाही. त्याचं कवच म्हणजे बाहेर घातलेला अंगरखा, एकदा कडक झाला की वाढत नाही. आतला जीव मोठा झाला की अंगरखा मागून उसवतो आणि खेकडा त्यातून मागे सरकत बाहेर पडतो. डोळ्यांच्या दांड्या, नांग्या, पायांची टोकं, सगळ्यावरचं जुनं कवच मागे राहतं. नवीन कवच कडक होईपर्यंत तो लपून बसतो, कारण त्या वेळी कुणीही त्याला खाऊ शकतं.

हे घरात बघायचं असेल तर रात्री मोरीपाशी दिवा लावा. (माशाची नव्हे, भांडी घासायची.) कधीतरी एखादं पांढरं झुरळ दिसतं. लोक म्हणतात वेगळी जात आहे, पांढरी पडली आहे. ते नुकतंच कात टाकलेलं झुरळ असतं. काही तासांत तपकिरी होतं.

खाडीकाठ

कवच टाकलेला खेकडा हाताला लोण्यासारखा लागतो. बाजारात त्याला कुणी हात लावत नाही, "पोकळ आहे" म्हणून बाजूला काढतात. नव्या ढगळ कवचात मांस भरायला वेळ लागतो, म्हणून तो वजनाला हलका.

आता माझ्या आवडीचं. कोळंबी. मोठी घ्या, टायगर मिळाली तर उत्तम. आपण पाठीला चीर देऊन काळा धागा काढतो ना, तो तिचं आतडं आहे. आतडं, आणि पाठीकडून! आता उलटी करा, पायांच्या बाजूने मधोमध बारीक चीर द्या. तिथे एक पांढुरकी नाजूक दोरी मिळते. ती तिची मज्जारज्जू. म्हणजे आपल्या अंगात पाठीला दोरी आणि पोटाला आतडं, कोळंबीच्या अंगात बरोब्बर उलटं. बोंबील आणि कोळंबी एकाच ताटात शेजारी ठेवून मुलांना शोधायला लावा, कुणाची दोरी कुठे. गांडूळ आणि झुरळ यांची दोरीही पोटाकडूनच जाते.

दप्तर

खाडीकाठ यांनी कोळंबीवरून जे दाखवलं त्याच्यावर पॅरिसमध्ये मोठा वाद झाला होता. १८२२ मध्ये एतिएन जोफ्रुआ सँ-तिलेर या प्राणिशास्त्रज्ञाने शेवंड (लॉब्स्टर) पाठीवर उताणी ठेवून चिरली आणि म्हटलं, बघा, आता हिच्या आतल्या अवयवांची मांडणी आपल्यासारखी दिसते. सहकाऱ्यांनी, विशेषतः क्युव्हिएने, ही कल्पना धुडकावली. १८३० मध्ये दोघांचं पॅरिसच्या विज्ञान अकादमीत जाहीर भांडण झालं ते याच प्रकारच्या मुद्द्यांवर. १९९० च्या दशकात माशी आणि बेडूक यांची जनुकं ताडून पाहिली तेव्हा पाठ आणि पोट ठरवणारी जनुकं खरंच उलटापालट वापरलेली आढळली.

पृष्ठवंशी-अपृष्ठवंशी हे दोन रकाने पाडणारा माणूसही हे दोघं जिथे होते त्या पॅरिसच्या निसर्ग-इतिहास संग्रहालयातलाच, लामार्क. १७९३ मध्ये त्याच्याकडे "कीटक आणि कृमी" हे खातं आलं, म्हणजे बाकी कुणाला नको होतं ते. प्राण्यांचं वर्गीकरण करणाऱ्या लिनियसने कणा नसलेले सगळे या दोन पोत्यांत कोंबून ठेवले होते. लामार्कने ती पोती उघडली, कोळी वेगळे काढले, खेकडे-कोळंब्या वेगळ्या काढल्या. ज्या माणसाने या प्राण्यांना एकत्र नाव दिलं त्यानेच ते एकसारखे नाहीत हे दाखवायला उरलेलं आयुष्य घालवलं.

हळदीकुंकू

धागा उघडल्यापासून मासळीबाजारात आल्यासारखं वाटतंय. आमच्यासारख्या घासफूसवाल्यांनी काय करायचं? अंडंसुद्धा घरात येत नाही हो.

एक विचारायचंच होतं. पावसात कुंडी हलवली की खाली गांडुळं असतात. त्यातच एक काळपट, चकचकीत, फार चपळ दिसलं. माळी म्हणाला साप आहे, सासूबाई म्हणाल्या गांडूळच. कोण बरोबर?

मास्तरीणबाई

माळीबुवा. तो बहुतेक वाळा असणार. वीतभर लांबीचा बिनविषारी साप, मुंग्या आणि वाळवीची अंडी-पिल्लं खातो. कुंड्यांच्या मातीतून जगभर पोचलाय. त्याच्या सगळ्या माद्याच असतात, नराशिवाय अंडी घालतात.

तुमच्या कुंडीत हा धडा फुकट मिळालाय. गांडूळ चालताना आखडतं आणि ताणतं, लांबी बदलत राहते, कारण आत हाड नाही, दाबाखालचं पाणी आणि स्नायू आहेत. वाळ्याची लांबी बदलत नाही, तो नागमोडी सरकतो. आत मणके आहेत, ते ताणले जात नाहीत. गांडुळाच्या अंगावर कडी असतात आणि ते ओलं असतं, वाळा कोरडा आणि खवल्यांचा. मात्र मुलांनी हात लावायचा नाही. लहान साप कुठला आहे हे ओळखणं मुलांचं काम नव्हे, लांबून बघायचं.

सह्याद्रीत यांचा तिसराही भाऊबंद आहे, देवगांडूळ. दिसतं गांडुळासारखं, अंगावर कडीही तशीच, पण जबडा आहे, दात आहेत, कणा आहे. बेडकाच्या कुळातला, बिनपायाचा उभयचर. आंबोलीत सापडलेल्या अशाच एका जातीचं २००३ मध्ये शास्त्रीय नामकरण झालं, तिला निसर्गअभ्यासक जे. सी. डॅनियल यांचं नाव दिलंय. बाहेरून दिसतं त्यावर रकाने भरले तर हे तिघं एकाच रकान्यात जातील.

शिवारातला

गोगलगाईला विसरू नका. आम्ही लातूर भागातले, २०२२ च्या खरिपात शंखी गोगलगाईंनी सोयाबीनचे कोवळे कोंब रात्रीतून खाल्ले, कित्येकांना दुबार पेरणी करावी लागली. सकाळी पोतं घेऊन वेचायला जायचो.

शंखासाठी तिला चुना लागतो. चुना दिलेल्या भिंतीवर चढून भिंत खरवडतात, खुणा राहतात. पण मला प्रश्न पडलाय. वर मास्तरीणबाई म्हणाल्या, बाहेरचं कवच वाढत नाही, टाकावं लागतं. गोगलगाय शंख टाकताना मी तरी पाहिली नाही. लहान शंख, मोठा शंख, सगळे आपापल्या मालकासकट.

उगाच_शंका

घ्या! आता मास्तरीणबाई काय म्हणतात बघू.

मास्तरीणबाई

शिवारातला यांची नजर पक्की आहे. गोगलगाय शंख टाकत नाही. शंखाच्या तोंडाशी नवीन थर चढवत जाते, म्हणून टोकाचा अगदी छोटा वेढा तिच्या बाळपणीचा असतो. तिसऱ्या, कालवं या शिंपलेवाल्यांचंही तसंच, कडेने वाढ. शिंपल्यावरच्या रेघा त्याच. अख्खं कवच असं कातीसारखं टाकणं हा खेकडे, कोळंबी, कीटक, कोळी, गोम, वाणी यांच्या घराण्याचा कारभार.

माकुल (स्क्विड) आणखी निराळं. त्यात शंख आतच गेलाय. साफ करताना अंगातून पारदर्शक लवचिक पातं निघतं ते, आणि काही जातींत पांढरा, ठिसूळ, हलका समुद्रफेस. तो हाड नव्हे, त्यात मणके नाहीत. तारामाशाच्या कातडीखाली चुन्याच्या छोट्या चकत्यांचा सांगाडा असतो, तोही आतच. तरी त्याला कणा नाही. म्हणून "आत सांगाडा म्हणजे पृष्ठवंशी, बाहेर म्हणजे अपृष्ठवंशी" असंही मुलांना सांगू नका, जरी बऱ्याच मार्गदर्शकांत ते छापलेलं असलं तरी. मणके आहेत का, एवढंच विचारायचं.

आणि हो, गोगलगाय उघड्या हाताने उचलू देऊ नका, परजीवी असतात.

वेलिंग्टनहून

आमच्या इथे न्यूझीलंडच्या 'ते पापा' नावाच्या संग्रहालयात एक अजस्र माकुल ठेवलेला आहे. २००७ मध्ये अंटार्क्टिकाजवळच्या रॉस समुद्रात मासेमारी बोटीला लागला, वजन ४९५ किलो. मुलाला घेऊन गेलो होतो, तो काचेला नाक लावून विचारत होता की एवढा मोठा, आणि कणा नाही?

पाण्यात चालतं, पाणी वजन तोलतं. जमिनीवर मात्र कणा नसलेल्यांची मजल फार जात नाही. सगळ्यात मोठा जमिनीवरचा संधिपाद (खेकडे-कीटकांच्या घराण्यातला) म्हणजे नारळी खेकडा, साधारण चार किलो. हत्तीएवढा खेकडा असता तर कात टाकल्यावर मऊ असताना स्वतःच्याच वजनाने बसला असता. मुलांना हे फार आवडतं, राक्षसी कोळ्यांचे सिनेमे बघितलेले असतात ना.

उगाच_शंका

मग माझा मूळ मुद्दा. मोरी, बोंबील, बेडूक, साप, चिमणी, गाय हे सगळे खरोखर एका कुळातले, मान्य. पण दुसऱ्या रकान्यात गांडूळ, गोगलगाय, तारामासा, झुरळ, जेलीफिश. यांच्यात समान काय? फक्त काय नाही ते. हा गट झालाच कसा?

दप्तर

गट नाहीच तो, उरलेल्यांची यादी आहे. आणि उरलेलेच जास्त. कणा असलेल्या प्राण्यांच्या नोंदलेल्या जाती सत्तर हजारांच्या आसपास, त्यातले जवळपास निम्मे मासे. एकट्या भुंगेऱ्यांच्या जाती साडेतीन लाखांवर. तारामासा तर नात्याने झुरळापेक्षा आपल्याला जवळचा. सुरुवातीच्या गर्भाची घडण सारखी आहे.

हळदीकुंकू

दादा, पोरगी पाचवीत आहे, पीएचडीला नाही. परीक्षेत "अपृष्ठवंशी हा गट नाही" लिहून आली तर बाई शून्य देतील.

केतकीची आई

हळदीकुंकू, गुणांची काळजी मलाही आहे, पण तिला हे कळतंय. तिला सांगून पाहिलं की दुसऱ्या रकान्यात सगळे एकमेकांचे कुणी नाहीत. म्हणाली, "मग त्यात अजून रेघा मारू?" आता तिने त्या रकान्यात आडव्या रेघा मारून कप्पे केलेत: कात टाकणारे, शंखवाले, कडीवाले. तारामासा आणि जेलीफिश अजून बाहेर बसलेत. कासव बिनतक्रार पहिल्या रकान्यात गेलं.

शनिवारसाठी बोंबील, कोळंबी, मानेचा तुकडा आणि एक्सरे ठरलं. आमच्या शेजारणीकडे मासे चालत नाहीत, त्यांच्या मुलासाठी कुंडी आणि पाठ मोजणं. आणखी एकच. हाड आणि शिंपला दोन्ही पांढरे, दोन्ही कडक. मुलांना एकच वाटणार. फरक कसा दाखवू?

मास्तरीणबाई

दोन वाट्या घ्या, दोन्हीत पांढरं व्हिनेगर. एकीत शिंपला किंवा समुद्रफेसाचा तुकडा टाका, लगेच बुडबुडे येतील. तो चुना, कॅल्शियम कार्बोनेट. दुसरीत चिकनच्या तंगडीचं स्वच्छ केलेलं हाड. त्याला लगेच काही होत नाही, ते मुख्यतः कॅल्शियम फॉस्फेट. पण चारपाच दिवस ठेवलं आणि व्हिनेगर मधे एकदोनदा बदललं की क्षार निघून जातात, आतलं प्रथिन उरतं आणि हाड रबरासारखं वाकतं. जाड हाड घेऊ नका, वेळ लागतो.

खाडीकाठ

समुद्रफेस किनाऱ्यावर पडलेला मिळतो. पुण्यात असाल तर काष्ठौषधींच्या दुकानात विचारा, नाहीतर पिंजऱ्यातल्या पक्ष्यांचं सामान विकणाऱ्यांकडे. लव्हबर्ड्सना चोच घासायला आणि कॅल्शियमसाठी तोच देतात. आणि कोळंबी डोक्यासकट घ्या, सोललेली नको. तिचं हृदय डोक्याच्या मागच्या भागात असतं, तेही दाखवता येईल.